ज्यांनी पुराण मागितले : एका माहितीपटाच्या नोंदी

9 जानेवारी 2024, वसई

विषय पक्का झाला. फादर थॉमस स्टीफन्स आणि त्यांचे ख्रिस्तपुराण. बरीच वर्षे मनात होते. आता कॅमेरा सांभाळणारा मित्र मोकळा आहे, ध्वनीवाला तयार आहे आणि थोडे पैसे जमले आहेत.

माणूस कोण, ते सुरुवातीलाच लिहून ठेवतो, कारण पुढे अर्ज करताना हेच लागणार आहे. जन्म 1549 च्या सुमाराचा, इंग्लंडमधल्या विल्टशायर परगण्यातल्या बुश्टन गावचा. एलिझाबेथ राणीचा काळ, कॅथलिक असणे धोक्याचे. 1575 मध्ये रोमला जाऊन जेझुइट, म्हणजे येशूसंघाचे सदस्य, झाले. 4 एप्रिल 1579 रोजी लिस्बनहून जहाजात बसले आणि 24 ऑक्टोबरला गोव्याला उतरले. पुढची चाळीस वर्षे इथेच गेली, त्यातली बहुतेक दक्षिण गोव्यातल्या साष्टी तालुक्यात. मायदेशी परतले नाहीत. 1616 मध्ये साष्टीतल्या राशोलला त्यांचे पुराण छापून झाले. सुमारे 11 हजार ओव्या, रोमन लिपीत, पण मराठीत. 1619 मध्ये वारले.

पोहोचल्यावर अडीच आठवड्यांनी, 10 नोव्हेंबर 1579 रोजी, त्यांनी वडिलांना लिहिलेले पत्र उपलब्ध आहे. त्यात पाच जहाजांचा तांडा आहे, आशा अंतरिपाचा वारा आहे, हिरड्या सुजून आजारी पडलेली माणसे आहेत, वाटेत मेलेल्या सत्तावीसजणांचा उल्लेख आहे. पत्र वाचताना माणूस समोर बसून बोलतोय असे वाटते. पण चेहरा नाही. त्यांच्या हयातीत काढलेले चित्र हाताशी नाही. पुराणाच्या 1616, 1649 आणि 1654 अशा तीन आवृत्त्या निघाल्या, त्यातल्या एकाचीही छापील प्रत आज उरलेली नाही. म्हणजे माणसाचे चित्र नाही आणि मूळ पुस्तकही नाही. माहितीपट करणाऱ्याने यापेक्षा अवघड विषय निवडू नये असे कोणीही सांगेल. मला मात्र हाच करायचा आहे.

एक गोष्ट आजच ठरवून टाकली. झगा घातलेला गोरा नट माडांतून चालतोय, असला एकही शॉट घ्यायचा नाही.

22 जानेवारी

आठवडाभर पुराणच वाचतोय. दोन भाग आहेत. पहिल्या पुराणात 36 अवस्वरू, म्हणजे अध्याय, दुसऱ्यात 59. पहिल्यात जगाच्या उत्पत्तीपासून जुना करार, दुसऱ्यात ख्रिस्ताचे चरित्र.

पहिल्याच अवस्वरूत एक प्रसंग आहे. साष्टीतले चर्च, मुलांचे धर्मशिक्षण चालू आहे. नवा ख्रिस्ती झालेला एक ब्राह्मण पाद्रीला विचारतो: आमची जुनी पुराणे आम्ही सोडली, मग त्यांच्या जागी आमच्यासाठी दुसरे पुराण का करीत नाही?

प्रस्तावाच्या पहिल्या पानावर मी ‘मराठीवर प्रेम करणारा इंग्रज’ असे लिहिले होते. ते काढून टाकले. हे पुस्तक पाद्रीच्या मनात आपोआप उगवले नाही, ते कुणीतरी मागितले. मागणाऱ्याचे देऊळ गेले होते. संध्याकाळी पोथी लावून ऐकायची सवय मात्र गेली नव्हती. चरित्रपट कितीही चांगला झाला तरी तो एका माणसाभोवती फिरतो. मला त्या ऐकणाऱ्यांभोवती फिरायचे आहे. स्टीफन्स दिसोत न दिसोत, ते विचारणारे दिसले पाहिजेत. त्यांचे वंशज साष्टीत आहेत, मंगळूरला आहेत. वसईचा गोव्याशी धागा वेगळा असला तरी पोर्तुगीज अमलातून आलेले आम्हीही मराठीत प्रार्थना करणारे ख्रिस्ती लोक आहोत. त्यांच्यावर कॅमेरा लावता येतो.

प्रस्ताव नव्याने लिहायला घेतला.

6 फेब्रुवारी, पणजी

मध्यवर्ती ग्रंथालयात ख्रिस्तपुराणाचे रोमन लिपीतले हस्तलिखित पाहिले. परवानगीचा अर्ज आधीच पाठवला होता. फ्लॅश नाही, मोठे दिवे नाहीत, दोन छोटे एलईडी आणि तेही दूर ठेवून. जुन्या शाईने कागद काही ठिकाणी आरपार खाल्ला आहे, पलीकडच्या पानावरची अक्षरे मागून डोकावतात. पान उलटणारे हात ग्रंथालयातल्या बाईंचे. त्यांनी इतक्या हळू उलटले की कॅमेरामनने आपण होऊन शॉट लांबवला. अख्खे पान वाचून होईल इतका तो शॉट आहे. एडिटमध्ये कापू द्यायचा नाही.

ग्रंथालयाला कृष्णदास शामा यांचे नाव आहे. त्यांनी 1526 मध्ये, म्हणजे स्टीफन्स गोव्यात येण्याच्या पन्नासएक वर्षे आधी, श्रीकृष्णाचे चरित्र मराठी ओवीत लिहिले. गोव्यातली ही जुनी कथावाङ्मयाची हस्तलिखिते आज पोर्तुगालमध्ये ब्रागाच्या सार्वजनिक ग्रंथालयात आहेत, रोमन अक्षरांत उतरवलेली रामायण-महाभारताच्या कथांची बाडे. पाद्रींनी ती भाषा शिकण्यासाठी उतरवून घेतली. म्हणजे साष्टीतल्या माणसाने जे वाचणे सोडले, तेच पाद्रीच्या टेबलावर अभ्यासाला होते. हे दोन्ही एकाच चित्रपटात सांगावे लागेल. एक सांगून दुसरे गाळले तर अर्धे खोटे होईल.

8 फेब्रुवारी, राशोल

सेमिनरीच्या, म्हणजे पाद्री घडवणाऱ्या विद्यालयाच्या, टेकडीवरून जुवारी नदी दिसते. खाली भाताची खाजणे. किल्ल्याची वेस उभी आहे, बाकी किल्ला फारसा नाही. आम्ही पहाटे पोहोचलो. ध्वनीवाल्याने प्रत्येक जागेचा रूम टोन, म्हणजे कोणी बोलत नसतानाचा तिथला आवाज, वेगळा घेतला: व्हरांडा, जिना, चर्चचा मधला भाग. नदीतून बार्ज जाते तेव्हा तिच्या इंजिनाची घरघर भिंतीत शिरते. आधी वाटले हा अडथळा आहे. नंतर ऐकले तर तो आवाज दृश्याला बांधून धरतो. ठेवायचा.

भारतात छपाईचे यंत्र पहिल्यांदा आले ते 1556 मध्ये, जुन्या गोव्यातल्या सेंट पॉल कॉलेजात. राशोलला 1616 मध्ये छपाई झाली ती याच परिसरात. यंत्र आज नाही. स्टीफन्सना देवनागरी खिळे पाडून छापायचे होते, 1608 मध्ये त्यांनी रोमला तशी परवानगी मागणारे पत्र लिहिले. देवनागरीत काही ते छापले गेले नाही. त्यांची आणखी दोन पुस्तके मरणोत्तर इथेच निघाली: 1622 मध्ये कोंकणीतली ख्रिस्ती धर्मशिक्षणाची पुस्तिका आणि 1640 मध्ये कोंकणीचे व्याकरण.

इथल्या फादरांनी एक प्रश्न विचारला: ‘तुमच्या फिल्ममध्ये श्रद्धा कुठे दिसणार?’ मी म्हटले, फादर, ऐकू येईल. ते हसले नाहीत, मानही डोलावली नाही. व्हरांड्याच्या टोकाला घेऊन गेले आणि म्हणाले, माइक इथे ठेवा, दुपारच्या प्रार्थनेला मुले गातात ते इथून नीट येते. ठेवला. नीट आले.

14 मार्च, कुंकळ्ळी

आज फाल्गुन शुद्ध पंचमी. साँत्र्यो, म्हणजे शांतादुर्गा कुंकळ्ळीकारणीचा छत्रोत्सव. फातर्प्याहून देवीची पालखी कुंकळ्ळीला येते, बारा वांगडांच्या, म्हणजे मूळ कुळांच्या, बारा रंगीत छत्र्या पुढे नाचत असतात, गुलाल इतका की लेन्सला दोनदा प्लॅस्टिक गुंडाळावे लागले. ख्रिस्ती आणि हिंदू दोघेही या मिरवणुकीत असतात. ज्या वांगडांची माणसे पुढे ख्रिस्ती झाली त्यांचीही छत्री असते.

देवी मुळात कुंकळ्ळीची. साष्टीतली देवळे पाडली गेली तेव्हा तिला फातर्प्याला नेली. इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचे धर्मन्यायालय, गोव्यात 1560 मध्ये आले. 1567 मध्ये राशोलच्या किल्ल्याचा कप्तान दियोगो रॉड्रिग्ज याने साष्टीत देवळे पाडण्याची मोहीम चालवली. कुंकळ्ळीच्या गावकऱ्यांनी कर द्यायचे नाकारले, लढले. 1583 च्या जुलैत रुदोल्फ आक्वाविवा आणि आणखी चार जेझुइट चर्चची जागा पाहायला गावात आले, तेव्हा गावकऱ्यांनी त्यांना ठार मारले. रुदोल्फ हे त्याआधी अकबराच्या दरबारात राहून आले होते. त्यानंतर पोर्तुगीजांनी गावच्या सोळा प्रमुखांना बोलणी करायची म्हणून असोळण्याच्या किल्ल्यात बोलावले आणि मारले. एकच जण नदीत उडी टाकून वाचला असे सांगतात.

त्या पाच पाद्रींचे मृतदेह मिळवून राशोलला पुरण्याच्या कामात स्टीफन्स होते. त्याच ऑक्टोबरात त्यांनी भावाला लिहिलेल्या पत्रात हा प्रसंग आहे. आणि त्याच पत्रात, इथल्या भाषांची घडण ग्रीक आणि लॅटिनसारखी आहे हे निरीक्षणही आहे. संस्कृत आणि युरोपीय भाषांच्या नात्यावर विद्वानांनी लिहिण्याच्या दोनशे वर्षे आधी! एका पत्रात रक्त आणि व्याकरण. माणसाच्या मनात हे कसे एकत्र मावले असेल याचा मी आज दिवसभर विचार करतोय.

पाच पाद्री 1893 मध्ये धन्य घोषित झाले. गावात त्यांचे चॅपेल आहे. सोळा गावकऱ्यांचे स्मारकही आहे. आम्ही दोन्ही ठिकाणी तेवढाच वेळ कॅमेरा लावला, ट्रायपॉडची उंची तीच, लेन्स तीच. ही तांत्रिक बाब आहे असे कोणाला वाटेल, पण कोणाकडे खालून पाहायचे आणि कोणाकडे वरून, यातच माहितीपटाची नियत कळते.

संध्याकाळी मिरवणुकीतल्या एका ख्रिस्ती गृहस्थांशी बोललो. छत्री का धरता, असे विचारायला मी तोंड उघडले आणि थांबलो. त्यांच्या बाजूने पाहिले तर हा प्रश्नच नाही. त्याऐवजी विचारले, छत्री कोणी शिवली? मग ते चांगले अर्धा तास बोलले. कापड कुठून येते, काठी कोणत्या लाकडाची, वडिलांनी कोणाकडून शिकले. पुराण मागणारा तो साष्टीकर ब्राह्मण असाच कुणी असेल. धर्म बदलला, वांगड बदलले नाही.

20 मार्च, वसई

गाण्याची पहिली चाचणी. पुराणाला सुरावट लिहिलेली नाही, ओवीचा छंद आहे तेवढाच. पहिले तीन चरण यमकाने बांधलेले, चौथा आखूड, श्वास घ्यायला जागा सोडणारा. ‘वो नमो विश्वभरिता। देवा बापा सर्वसमर्था।’ ही सुरुवात. ज्ञानेश्वरी ऐकलेल्या कानाला हा नमनाचा थाट ओळखीचा वाटतो. स्टीफन्स साष्टीत काम करीत होते तेव्हा पैठणला एकनाथ हयात होते. त्यांचे निधन 1599 चे. ओवी तेव्हा घराघरात होती.

चर्चच्या गायनवृंदातल्या एका तरुणीने आधी गायले. आवाज सुंदर, पण तिच्या सवयीने प्रत्येक चरणाचा शेवट लांबवला गेला, भजनाचे हिम्न झाले. मग आमच्या आळीतल्या एका आजींना बोलावले. त्यांनी पुराण कधी वाचले नव्हते. चष्मा लावला, एकदा मनात वाचले आणि लग्नातल्या गाण्याच्या चालीत म्हणायला लागल्या. तिसऱ्या ओवीला चौथा चरण आपोआप खाली आला. ध्वनीवाल्याने माझ्याकडे पाहिले. मी त्याला चालू ठेव अशी खूण केली.

‘आजी, ही चाल कुठली?’ ‘अरे, चाल कुठली काय, ती ओवी आहे ना?’

कुणीतरी सुचवले की मागे ऑर्गन आणि थोडे तानपुऱ्याचे घालू. नको. माइक जवळ, खोली कोरडी, बाकी काही नाही.

29 मार्च

गुड फ्रायडे. कॅमेरा घरी ठेवला. क्रुसाच्या वाटेचे चित्रीकरण करायचा विचार होता, परवानगीही होती. काल रात्री ठरवले की नाही. लोक आज गुडघ्यावर येतात ते कोणाच्या फुटेजसाठी नव्हे. ख्रिस्ती श्रद्धेवरच्या फिल्म्समध्ये रडणाऱ्या चेहऱ्यांचे क्लोजअप इतके झाले आहेत की त्यातून श्रद्धाच दिसेनाशी झाली. आपण नाही घ्यायचे.

मी आज फक्त प्रार्थनेला गेलो.

18 एप्रिल, नगर

इथल्या ख्रिस्ती कीर्तनाच्या परंपरेसाठी आलो. प्रोटेस्टंट मंडळी, जेझुइटांशी इतिहासाने संबंध नाही. पण कृष्णराव रत्नाजी सांगळे यांच्यापासून इथे ख्रिस्तचरित्र कीर्तनातून सांगितले जाते, नारायण वामन टिळकांचे अभंग याच मातीतले. साष्टीत सोळाशे सोळामध्ये जी गरज होती, तीच दोनशे-अडीचशे वर्षांनी नगरमध्ये पुन्हा उभी राहिली: नवा धर्म घेतला, पण ऐकायचे कसे?

कीर्तनकार बुवांना दुसऱ्या पुराणातला काना गावातल्या लग्नाचा प्रसंग दिला होता. बुवांनी तो पूर्वरंग-उत्तररंगात बसवून आणला. मंडपात वीसेक माणसे असतील. द्राक्षरस संपल्याचे मरियेच्या लक्षात येते, तिथे बुवा थांबले आणि समोरच्या बायकांना म्हणाले, ‘घरच्या बाईलाच आधी कळतं ना, काय संपलं ते?’ बायका हसल्या. एक म्हणाली, ‘मग काय तर!’ ही प्रतिक्रिया आम्हाला बूमवर स्वच्छ मिळाली.

पुराण म्हणजे काय हे मला पुस्तकातून जेवढे समजले नव्हते तेवढे त्या एका उत्तराने समजले. पुराण ऐकणाऱ्याने ओ दिल्याशिवाय पुरे होत नाही. फिल्मचा कणा मिळाला. एकट्या आवाजातल्या ओव्या पहिल्या भागात, आणि शेवटी हा मंडप.

परतीच्या वाटेवर आम्ही तिघेही याच्यावरच बोलत होतो. ध्वनीवाल्याचे म्हणणे, कॅमेरा बुवांवर कमी आणि श्रोत्यांवर जास्त हवा होता. दोन कॅमेरे असते तर. पण आहे त्यात बायकांचा तो शॉट आहे, आणि बुवांचा आवाज त्यावर घेता येतो.

11 मे

एका देणगीदारांनी उरलेला सगळा खर्च उचलायची तयारी दाखवली. अट अशी की फिल्म ‘संताची’ व्हावी, चमत्कार असावेत, कुंकळ्ळीचे गावकरी ‘अज्ञानी’ म्हणून दाखवावेत. स्टीफन्सना चर्चने संत घोषित केलेले नाही, आणि ते असते तरी मी हे केले नसते. नम्रपणे नाही म्हटले. उन्हाळ्यात दोन लग्नांचे व्हिडिओ करू आणि त्यातून कलर करेक्शनचा खर्च काढू.

दुसऱ्या बाजूनेही एक फोन आला होता, तो वेगळ्या कारणाने: पाद्री म्हणजे सगळे जुलमी, पुस्तक हा सापळा, एवढेच दाखवा. त्यांनाही नाही म्हटले. जुलूम दाखवणार आहेच. पण ज्यांनी पुराण मागितले, अडीचशे वर्षे जपले, ती माणसे फसलेली मुले नव्हती. त्यांना तसे दाखवणे हा त्यांच्यावर आणखी एक अन्याय.

25 जुलै

फादर फ्रान्सिस दिब्रिटो गेले. वसईत कामे थांबली आहेत. ‘सुवार्ता’ मासिकाचे संपादक, हरित वसईच्या लढ्यातले, 2020 च्या उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. त्यांच्यामुळे आमच्या पिढीला मराठी ख्रिस्ती असणे हे कोणाला समजावून सांगायची गोष्ट राहिली नाही. आज एडिटिंगची टाइमलाइन उघडली नाही.

3 सप्टेंबर, पुणे

एडिट चालू. एडिटर पुण्याची, ख्रिस्ती नाही, आणि हे मला बरे वाटते. ती प्रत्येक ठिकाणी विचारते, ‘हे मला कळलं पाहिजे, तुला माहितीये म्हणून सोडू नकोस.’

तिचा पहिला आक्षेप: सुरुवात कशाने? सगळ्यांना वाटते मराठीच्या स्तुतीची ती प्रसिद्ध ओवी पहिल्या मिनिटाला हवी. शाळेच्या पुस्तकांतून, भाषणांतून, मराठी दिनाच्या फलकांवरून ती सगळ्यांना पाठ आहे. मी ती फिल्ममध्ये घेतलेलीच नाही. ती घेतली की बाकी अकरा हजार ओव्या मराठीला मिळालेले प्रशस्तिपत्र होऊन बसतात, आणि पुराणात ख्रिस्ताची कथा आहे हे बाजूला पडते. लेखकाने सबंध आयुष्य त्या कथेसाठी घातले. एडिटर थोडा वेळ गप्प राहिली, मग म्हणाली, लोक विचारतील. विचारू दे.

दुसरा आक्षेप जास्त खरा. रफ कटमध्ये 1567 आणि कुंकळ्ळी मध्यावर येत होते, ओव्यांची गोडी लागल्यानंतर. तिने म्हटले, मग तो भाग औषधासारखा वाटतो. आता तो अगदी आधी नेला. आधी पाडलेल्या देवळांची तारीख, इन्क्विझिशनची तारीख, असोळण्याची नदी, मागे संगीत नाही. त्यानंतर पहिल्या अवस्वरूतला प्रश्न. आता प्रश्नाला वजन आले. देवळे गेल्याचे ज्याने पाहिले तोच पुराण मागतोय, हे कळल्यावर ओवी वेगळी ऐकू येते.

17 सप्टेंबर

मधल्या काळाचा भाग अजून अडतोय. 1654 ची आवृत्ती शेवटची. 1684 मध्ये व्हाइसरॉयने स्थानिक भाषेचा वापर बंद करून तीन वर्षांत पोर्तुगीज शिकण्याचा हुकूम काढला. पुढची छापील आवृत्ती थेट 1907 मध्ये, मंगळूरला, जे. एल. साल्ढाणा यांनी हस्तलिखितांवरून तयार केलेली. मध्ये अडीचशे वर्षे पुराण फक्त हाताने उतरवलेल्या प्रतींत आणि गळ्यांत होते. गोव्यातून कॅनराला, म्हणजे मंगळूरकडच्या किनारपट्टीला, गेलेल्या कुटुंबांनी ते सोबत नेले. 1784 मध्ये टिपूने मंगळूरच्या ख्रिस्ती लोकांना कैद करून श्रीरंगपट्टणास नेले, त्या उलथापालथीतूनही प्रती उरल्या. देवनागरीतली एक प्रत लंडनला मार्सडेन संग्रहात पोहोचली. देवनागरी छापील आवृत्ती निघायला 1956 उजाडले, ती शांताराम बंडेलू यांची.

हे दाखवायचे कशाने? नकाशावर सरकणारे बाण मला आवडत नाहीत. ठरले ते असे: पणजीच्या हस्तलिखिताचा तो लांब शॉट इथे, पूर्ण, आणि त्यावर फक्त सालांचे आकडे. उतरवणाऱ्याने जिथे बोरू पुन्हा बुडवला तिथे शाई गडद होते, हे त्या शॉटमध्ये दिसते. कोणीतरी संध्याकाळी दिव्यापाशी बसून ही ओळ काढली आहे. बंदी असताना काढली आहे.

1 डिसेंबर, जुने गोवे

सेंट फ्रान्सिस झेवियरच्या अवशेषांचे दर्शन 21 नोव्हेंबरपासून सुरू झाले आहे, 5 जानेवारीपर्यंत चालेल. दहा वर्षांतून एकदा. सगळीकडून माणसे. वसईहूनच किती बसेस. आम्ही रांगेचे आवाज घेतले: मराठी, कोंकणी, मल्याळम, तमिळ, इंग्रजी जपमाळा एकमेकींत मिसळलेल्या.

झेवियर 1542 मध्ये गोव्याला आले, दहा वर्षांनी चीनच्या किनाऱ्यावर वारले. त्यांचे शरीर पाहायला लाखो येतात. स्टीफन्स चाळीस वर्षे इथे राहिले आणि दर्शन घेण्यासारखे त्यांचे काही मागे नाही. सुरुवातीला मला हे फिल्मचे वैगुण्य वाटत होते. रांगेत उभे राहून आज उलट वाटले. शरीर काचेत ठेवता येते. ओवी ठेवायची तर कोणीतरी म्हणावी लागते.

रांगेतल्या एका मंगळूरच्या मावशींना ख्रिस्तपुराण माहीत आहे का विचारले. म्हणाल्या, माझ्या आजीकडे होते, उपवासाच्या दिवसांत म्हणायची. दोन ओळी म्हणून दाखवल्या, एक शब्द अडला, मागच्या बाईंनी पुरवला. दोघी एकमेकींना ओळखत नव्हत्या! फोनच्या माइकवर घेतले, पाठीमागे लाउडस्पीकरच्या सूचना आहेत, तरी फिल्ममध्ये जाणार.

19 जानेवारी 2025, कुंकळ्ळी

जवळजवळ पूर्ण झालेला कट इथे दाखवला, बाकी कुठेही दाखवण्याआधी. गावातले हिंदू-ख्रिस्ती दोन्ही आले, छत्री शिवणारे गृहस्थ मुलीला घेऊन आले. वीज एकदा गेली, पुन्हा सुरू केले.

सूचना मिळाल्या त्या लिहून ठेवतो. एक, असोळण्याच्या प्रसंगात सोळाजणांना फक्त ‘गावकरी’ म्हटले आहे. इथल्या लोकांच्या मते ते जमिनीचे हक्क असलेले, बारा वांगडांचे प्रमुख होते, हे निवेदनात स्पष्ट यायला हवे. बरोबर आहे, ओळ बदलतो. दोन, पाच पाद्रींची नावे पूर्ण घ्या, एकट्या आक्वाविवांचे नको. घेतो. तीन, एका आजोबांचे म्हणणे असे की नगरच्या कीर्तनाआधी साष्टीतला एक तरी आवाज गाताना हवा, नाहीतर ओवी साष्टीतून निघून परत येतच नाही. याला माझ्याकडे उत्तर नव्हते. त्यांनीच सांगितले की त्यांची बहीण म्हणते, जवळच्याच गावात राहते, सकाळी अकरानंतर भेटते.

उद्या सकाळी रेकॉर्डर घेऊन तिकडे जायचे. कॅमेरामनला परतीचे तिकीट पुढे ढकलायला सांगितले आहे. कोंकणी सबटायटल देवनागरी आणि रोमी दोन्हीत करायची, त्याचा हिशोब एडिटरला आज रात्री कळवायचा.